चार नंबरचा गुरुवार

पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंतच्या बहुतेक कारखान्यांची साप्ताहिक सुट्टी गुरुवारी असते. बाहेरून आलेल्यांना ते विचित्र वाटते. आम्हाला रविवारची सुट्टी शाळेतली वाटते. मला गुरुवार एका नेमक्या कारणासाठी हवा होता. अकरा पॉवर प्रेस असलेल्या शेडमध्ये एकाच प्रेसचा आवाज स्वच्छ मुद्रित करायचा, तर उरलेल्या दहा बंद असाव्या लागतात, आणि शेजारच्या शेडही.

चार नंबरच्या प्रेसवर वर्षाराणी काम करते. पत्र्याचा तुकडा डायमध्ये, म्हणजे साच्यात, ठेवायचा, हात बाहेर काढायचा, पायडल दाबायचे. रॅम, म्हणजे प्रेसचा वरचा ठोकळा, पन्नास टनांच्या दाबाने खाली येते आणि तुकड्याचा ब्रॅकेट होतो. तो काढायचा, पुढचा ठेवायचा. एका शिफ्टमध्ये तिचा उजवा हात साडेचार हजार वेळा रॅमखाली जातो आणि साडेचार हजार वेळा बाहेर येतो. हे दोन आकडे समान राहतील, या गृहीतकावर माझ्या मित्राचा, रविराजचा, कारखाना चालत होता. पुढे माझे संगीतही त्याच्यावरच उभे राहिले.

मी शिक्षणाने मेकॅनिकल इंजिनिअर. पाच वर्षे चाकणच्या एका कंपनीत ध्वनी आणि कंपनांच्या प्रयोगशाळेत होतो. गाडीच्या डॅशबोर्डमधली खडखड नेमकी कोणत्या स्क्रूमुळे येते हे शोधणे माझे काम होते. ते सोडून मालिकांच्या पार्श्वसंगीतात आलो, त्याला अकरा वर्षे झाली. मालिकेचा संगीतकार रोजच्या भागाला संगीत देतो असा समज आहे. प्रत्यक्षात तो सुरुवातीलाच शे-दीडशे तुकड्यांचा साठा करून देतो. त्यांना ‘संशय-४’, ‘धक्का-२’, ‘सासू जिना उतरते’ अशी नावे असतात, आणि एडिटर ते रोज लागेल तिथे चिकटवतो. स्फुरण, प्रतिभा हे शब्द मी वापरत नाही. आवाजाला कारण असते आणि परिणाम असतो, आणि दोन्ही मोजता येतात. मात्र अकरा वर्षांत माझ्या संगीताने कुणी खुर्चीत हलल्याचे मी एकदाही पाहिले नव्हते.

दिग्दर्शिका मिनलचा चित्रपट हा माझा पहिला चित्रपट. प्रेसवर काम करणाऱ्या एका बाईची ती गोष्ट. तिच्यात आठ मिनिटांचा एक प्रसंग होता, ज्यात एकही संवाद नव्हता. बाई एकटी शेडमध्ये बसून काम करते, एवढेच. चित्रण आधीच झाले होते, वीज तोडलेल्या प्रेसवर, त्यामुळे आवाज माझ्याकडून यायचा होता. मिनलची अट एकच होती की तिथे एकही वाद्य नको, जे काही असेल ते प्रेसमधूनच निघाले पाहिजे.

रविराज कॉलेजात, ताथवड्याला, माझ्या वर्गात होता. आता अंबेठाण रोडला त्याची शेड आहे. त्याने गुरुवारी दुपारी चार नंबर चालू करून दिली आणि वर्षाराणीला ओव्हरटाइमवर बोलावले. ती मूळची परभणीकडची, तिशीची, बोलायला मोकळी. माझ्या मालिकांची नावे ऐकून तिने ‘संशय-४’ तोंडाने वाजवून दाखवला आणि हे लागले की सासू टीव्हीसमोरून उठतच नाही, अशी तक्रार केली. मी चाळीस मिनिटे मुद्रण केले, सुमारे चारशे ऐंशी घाव. सुरुवातीच्या दहा मिनिटांनंतर तिला एक सूचना केली. ती काय होती ते पुढे येईलच.

स्टुडिओत ऐकताना मला त्या आवाजात काहीतरी सापडले. घाव पडतो, रॅम वर जाते, आणि वर पोचताना हलकासा ‘टक’ होतो. तो प्रत्येक प्रेसला होतो. इथे त्या टकच्या मागे दुसरा, आणखी हलका टक होता. दोघांमधले अंतर पहिल्या मिनिटाला चाळीस मिलिसेकंद होते. तेवढ्या अंतरावरचे दोन आवाज कानाला जवळजवळ एकच वाटतात, फक्त जरा जाड. शेवटच्या मिनिटाला ते सत्तर झाले होते, आणि दुसरा टक सुटा होऊन पहिल्याच्या मागे लंगडत यायचा. ही वाढ मी नोंदवली. माझ्या वहीत त्यापुढे ‘सुंदर’ असे लिहिले आहे. आठही मिनिटे मी त्या मागच्या टकभोवती रचली.

मिनलने ती ऐकली आणि मधेच उठून उभी राहिली. बसवत नाही, म्हणाली. तिला आणखी मुद्रण हवे होते. चित्रपटगृहात आवाज चारही बाजूंनी यावा म्हणून आठ मायक्रोफोन लावून पुन्हा, येत्या गुरुवारी. रविराजने होकार दिला.

मंगळवारी सकाळी खंडूकाका आले. खंडूकाका आणि माझे वडील भोसरीच्या एकाच वर्कशॉपमध्ये तीस वर्षे प्रेसवर होते. काका चाकणजवळच्या खराबवाडीचे, शेतकऱ्याघरचे. आम्ही दिघीला राहायचो आणि दुसरी शिफ्ट सुटली की ते बऱ्याचदा आमच्याकडेच जेवून जायचे. वडील गेल्यावरही येणे सुटले नाही. आता मुलीकडे रावेतला आले की चालत माझ्या स्टुडिओपर्यंत येतात. त्यांच्या उजव्या हाताची मधली दोन बोटे नाहीत. पायडलवरचा पाय कसा उठतो, स्टूल कसे कुरकुरते, हे बारकावे तपासून घ्यायला मी त्यांना बोलावले होते.

ते टेबलावर हात ठेवून बसले. मी आवाज सुरू केला. बाविसाव्या सेकंदाला त्यांनी उजवा हात टेबलावरून उचलला आणि मांडीवर घेतला. मग डावा हात त्याच्यावर ठेवला. मला वाटले, एसीचा गारठा लागत असेल.

“ही परेस चालू हाय का अजून?” त्यांनी विचारले.

मी म्हणालो, काका, ही फाइल आहे, गेल्या गुरुवारची.

“फाइलीचं न्हाई इचारत. परेस. आज तिच्यावर कोन हाय?”

मी नाव सांगितले. नंतर त्यांनी समजावून सांगितले, आणि ते सांगणे कुठल्याही पाठ्यपुस्तकाइतके नेमके होते. फिरत्या चाकाला रॅमशी जोडणारी एक चावी असते. पायडल दाबले की चावी बसते आणि रॅम खाली येते. पाय काढला की ती सुटते आणि रॅम वर थांबते. चावी सुटल्याचा तो पहिला टक. चावीची कड झिजली की ती सुटता सुटता पुन्हा एकदा अडकू पाहते, तो दुसरा. हळूहळू ती जास्त जास्त अडकत जाते. मग एक दिवस पाय काढूनही सुटत नाही, आणि रॅम न सांगता दुसऱ्यांदा खाली येते.

“डबल मारती,” काका म्हणाले. “आन तवर मानसाचा हात आत गेल्याला असतो.”

इथपर्यंत सगळे स्पष्ट होते. यानंतर मी जे केले ते सांगायला मला आवडत नाही, पण वगळले तर हिशेब चुकतो.

मी म्हणालो, तपासून बघू. काकांच्या कानांची चाचणी मीच दोन वर्षांपूर्वी केली होती. चार हजार हर्ट्झच्या वर त्यांना जवळजवळ काहीच ऐकू येत नाही. अशा माणसाने स्टुडिओच्या स्पीकरवरून बावीस सेकंदांत काढलेला निष्कर्ष पुरावा ठरत नाही, असे मी स्वतःला सांगितले. मग टकची ऊर्जा कोणत्या पट्ट्यात आहे ते पाहिले. नऊशे हर्ट्झच्या आसपास होती. तिथे काकांचे कान शाबूत आहेत. मग चारशे ऐंशी घावांमधली अंतरे आलेखावर मांडली. ती सरळ चढत गेली होती. मग आलेख पुन्हा काढला. या सगळ्यात चाळीस मिनिटे गेली. त्यातली पस्तीस तरी अनावश्यक होती. चाकणला फोन केला तर चावी बदलली जाणार, आणि चावी बदलली तर परवाच्या गुरुवारी तो मागचा टक उरणार नाही, हे मला पहिल्या मिनिटालाच समजले होते. काका शेजारी बसून होते. एकदाच म्हणाले, “तुजा बा आसता तर आतापतूर तिथं पोचला आसता.”

मी रविराजला फोन लावला. तो पिंपरीत एका गिऱ्हाइकाकडे बसला होता. त्याने ऐकून घेतले आणि हसला. तुम्ही संगीतवाले कधीपासून मशिनचे डॉक्टर झालात, वगैरे. आज गाडी भरायची आहे, चार नंबर थांबली तर माल जाणार नाही. फिटर गुरुवारी येतोच.

“या गुरुवारी तर आमचं रेकॉर्डिंग आहे,” मी म्हणालो.

“तेच सांगतोय ना, राव. मागच्याच गुरुवारी तो चार नंबर उघडणार होता. तुझ्यासाठी पुढं ढकललं.”

गुरुवारी मशिनी बंद असतात. म्हणून त्या दिवशी त्या उघडता येतात, आणि म्हणूनच त्या दिवशी एखादीच चालवून तिचा आवाज घेता येतो. एकच गुरुवार दोन कामांना पुरत नाही. ही गोष्ट माझ्यासारख्या, या पट्ट्यात जन्मलेल्या, इंजिनिअरिंग शिकलेल्या माणसाला कळायला हरकत नव्हती.

आम्ही निघालो. वर्षाराणीला फोन करून उपयोग नव्हता. ऑपरेटरांचे मोबाइल गेटवरच्या पेटीत ठेवून घेतात. रावेतहून भक्ती-शक्ती चौक, स्पाइन रोड, मोशी. मी वेळ मिनिटांत मोजणे थांबवले होते. मिनिटाला बारा घाव. मोशीच्या सिग्नलला अठ्ठेचाळीस. इंद्रायणीच्या पुलावर एक कंटेनर बंद पडला होता. तिथे एकशे ऐंशी. काका दोन्ही हात मांडीवर ठेवून समोर बघत होते. कुरुळी फाट्याच्या अलीकडे त्यांनी विचारले, साडेबाराला जेवणाची सुट्टी होते का? होते, मी म्हणालो. सव्वाबारा वाजले होते. म्हणजे अजून एकशे ऐंशी.

त्यातच मिनलचा फोन आला, मायक्रोफोनांबद्दल. मी तिला सांगितले की गुरुवारचे रेकॉर्डिंग होणार नाही, आणि कारण सांगितले.

“गुरुवारपर्यंत थांबता येणार नाही का?” ती म्हणाली. मग लगेच, वेगळ्या आवाजात, “नको. मी हे बोललेच नाही.”

मी म्हणालो, मीही चाळीस मिनिटे तेच बोलत होतो, मनातल्या मनात. तिने फोन ठेवला.

शेडमध्ये शिरलो तेव्हा अकराही प्रेस चालू होत्या. त्या आवाजात दुसरा टक ऐकू येणे कोणत्याही कानाला शक्य नव्हते; गुरुवारच्या शांततेत जे एका माणसाला ऐकू आले होते, ते त्याने सुंदर म्हणून घरी नेले होते. चार नंबरवर वर्षाराणी बसली होती. तिने उजव्या हाताने तुकडा आत ठेवला. हात बाहेर आला. घाव. हात आत गेला. तिच्या डोक्यामागे खिळ्याला लांब दांड्याचा चिमटा टांगलेला होता. तुकडा डायमध्ये ठेवायला आणि काढायला तो दिलेला असतो.

काका तिच्यापर्यंत गेले नाहीत. भिंतीवरच्या मेन स्विचपाशी गेले आणि चार नंबरची वीज खाली ओढली. चाक फिरत फिरत थांबले. सुपरवायझर धावत आला, कोण तुम्ही, कुणाला विचारून, असे सुरू झाले. काकांनी उजवा हात वर करून त्याला दाखवला.

मी वर्षाराणीला विचारले की ती चिमटा का वापरत नाही.

“तुम्हीच म्हणलात ना सर,” ती म्हणाली. “खळखळतो, रेकॉर्डिंगमध्ये येतो म्हणून. हातानं लवकर होतंय, मग तसंच चालू ठेवलं. साहेबांनी पण विचारलं, माल कसा वाढला म्हणून.”

हीच ती सूचना. पडद्यावरच्या बाईच्या हातात चिमटा नव्हता, म्हणून आवाजातही तो नको होता. तर्क बरोबर होता.

काकांनी तिला विचारले, मशीन कधी आपसूक आली का? ती जरा अवघडली. रविवारी एकदा, एकाच दाबात दोन वेळा पडली, म्हणाली. ती तेव्हा तयार माल पेटीत टाकायला वळलेली होती. सुपरवायझरला सांगितले तर तो म्हणाला, पायडलवर पाय राहिला असेल.

“आन तुला काय वाटलं?”

“राहिला असेल माझाच पाय.”

काका म्हणाले, “मलाबी पायच म्हनले व्हते. धा वर्सं मी सोताला तेच सांगत व्हतो.”

रविराज आला तोवर जेवणाची सुट्टी झाली होती आणि सगळ्या प्रेस थांबल्या होत्या. तो चिडलेला होता, पण मूर्ख नाही. त्याने स्वतःच वीज चालू केली आणि म्हणाला, दाखवा. काका स्टुलावर बसले, खिळ्यावरचा चिमटा घेतला आणि काम करू लागले. तुकडा, पायडल, घाव, टक, टक. जेवायला गेलेल्या बायका डबे घेऊन परत आल्या आणि लांब उभ्या राहून बघत जेवू लागल्या. मी घाव मोजत होतो. शंभरपर्यंत काही झाले नाही. दीडशेला रविराजने घड्याळ बघितले. काहीच झाले नाही तर काय, हा प्रश्न माझ्या मनात आला; म्हणजे गुरुवार मिळेल, हे उत्तरही पाठोपाठ आले. दोन्ही माझ्या डोक्यातले होते, त्यामुळे दोन्हींची नोंद करतो.

दोनशे अकराव्या घावाला काकांनी पाय उचलला, रॅम वर गेली, चिमटा ब्रॅकेट काढायला आत गेला, आणि रॅम पुन्हा खाली आली.

आवाज नेहमीसारखाच होता. काकांनी वीज बंद करायला सांगितली आणि चिमटा बाहेर ओढला. त्याची टोके कागदासारखी चपटी होऊन त्यांवर ब्रॅकेटचा ठसा उमटला होता. वर्षाराणीने तो चिमटा हातात घेतला, उलटसुलट करून पाहिला आणि पुन्हा खिळ्याला टांगला. मग ती डबा उघडून बसली, पण बराच वेळ घास घेतला नाही.

फिटर त्याच दुपारी आला. चावीची कड गोल झाली होती; मोजली तर तीन मिलिमीटर झीज. पुढच्या दोन दिवसांत रविराजने अकराही प्रेसच्या चाव्या बदलल्या. त्याच्या पुढच्या गुरुवारी मी आठ मायक्रोफोन लावून चार नंबर पुन्हा मुद्रित केली. वर्षाराणीने नव्या चिमट्याने काम केले, खळखळाटासकट. घाव, टक. एकच. आवाज निरोगी आणि तितकाच निरर्थक होता. मी त्यावर आठ मिनिटे रचून मिनलला पाठवली, आणि जुनी काढून टाक असे लिहिले.

तिने दोन्ही एकामागून एक ऐकल्या. नवी ऐकताना ती खुर्चीत बसून राहिली. जुनी ठेवायची, म्हणाली. तो आवाज खोटा नाही, खरा आहे, आणि आता तर तो काय आहे हे आपल्याला माहीत आहे. मी म्हणालो, ज्यांना माहीत आहे त्यांनाच तो छळेल. ती म्हणाली, मग छळू दे. मी माझे नाव काढून घेऊ शकलो असतो. घेतले नाही. अकरा वर्षांनी माझे नाव एकट्याने पडद्यावर येणार होते, आणि त्या मागच्या टकइतके चांगले मी दुसरे काही केलेले नव्हते. हे दोन्ही मुद्दे खरे आहेत. ते पुरेसे आहेत की नाहीत, हे मला अजून ठरवता आलेले नाही.

चित्रपट लागला तेव्हा चिंचवडला गुरुवारच्या दुपारच्या खेळाला खंडूकाका, वर्षाराणी आणि मी असे तिघे गेलो. कारखान्यांना सुट्टी असल्याने हॉल बऱ्यापैकी भरला होता. तो प्रसंग सुरू झाल्यावर मी पडद्याकडे पाहिले नाही. पुढच्या चार रांगा दिसत होत्या. खुर्च्यांच्या दांड्यांवर ठेवलेले हात मी मोजू लागलो. अर्ध्या मिनिटाच्या आत डावीकडच्या एका टकल्या गृहस्थाने, स्टुडिओत काकांनी घेतला होता तसाच, उजवा हात उचलून मांडीवर घेतला. मग त्याच्या मागच्या बाईने. मग एका दणकट तरुणाने, पॉपकॉर्नचा डबा पायाशी ठेवून. तिसऱ्या मिनिटापर्यंत नऊ झाले. बाकीचे प्रेक्षक शांत होते, एकजण मोबाइल बघत होता. त्या नऊ जणांनी हातांकडे पाहिलेही नव्हते.

खंडूकाकांनी हात आधीच खिशात घातला होता. वर्षाराणीने दोन्ही हात ओढणीखाली घेतले होते. ती माझ्याकडे झुकली.

“हिनं चिमटा का नाही घेतला, सर?”

“आवाज येतो म्हणून,” मी म्हणालो.

ती पुन्हा पडद्याकडे वळली. अजून पाच मिनिटे बाकी होती.